अठराव्या वाढदिवशी खाते आपोआप ‘सज्ञान’ होत नाही

लातूर/नांदेड : बारावीचे वर्ष म्हणजे परीक्षांचे वर्ष, हे समीकरण लातूर आणि नांदेडमध्ये सर्वमान्य आहे. मात्र याच वर्षात, किंवा त्याच्या मागेपुढे काही महिन्यांत, विद्यार्थ्याच्या आयुष्यात आणखी एक बदल होतो आणि त्याकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. कायद्याच्या दृष्टीने तो ‘अज्ञान’ राहत नाही, ‘सज्ञान’ होतो. वयाची नोंद असलेल्या प्रत्येक ठिकाणी या बदलाचा परिणाम होतो. बँक, टपाल कार्यालय, आधार, पॅन, म्युच्युअल फंड, ई-मेल आणि गावाकडचा सातबाराही याला अपवाद नाही. परंतु यांपैकी बहुतेक ठिकाणी हा बदल आपोआप नोंदला जात नाही. खातेदाराने स्वतः जाऊन किंवा ऑनलाइन अर्ज करून तो नोंदवावा लागतो. तसे न केल्यास खाते बंद पडत नाही, पण त्यातील पैसे काढण्याची वाट अडते. नेमक्या प्रवेशाच्या आणि शिष्यवृत्तीच्या दिवसांत ही अडचण उभी राहिली, तर तिची किंमत मोठी असते.

या दोन शहरांत हा प्रश्न इतरत्रपेक्षा अधिक जाणवतो, त्यालाही कारण आहे. ‘लातूर पॅटर्न’मुळे राजर्षी शाहू महाविद्यालय, दयानंद महाविद्यालय यांसारख्या संस्थांकडे मराठवाड्याबाहेरूनही विद्यार्थी येतात. नांदेडमध्ये यशवंत महाविद्यालय, सायन्स कॉलेज आणि भाग्यनगर, श्यामनगर परिसरातील शिकवण्यांमुळे असेच चित्र आहे. उदगीर, अहमदपूर, निलंगा, मुखेड, देगलूर किंवा किनवटकडचा विद्यार्थी वसतिगृहात अथवा भाड्याच्या खोलीत राहतो. त्याच्या खात्याला जोडलेला मोबाईल क्रमांक मात्र गावी वडिलांच्या किंवा काकांच्या खिशात असतो. बँकेत पालनकर्ता म्हणून सही वडिलांची, ‘ओटीपी’ वडिलांच्या मोबाईलवर आणि अर्ज भरणारा मुलगा शंभर किलोमीटरवर, अशी ही रचना असते. अठरा वर्षे पूर्ण झाली की ही रचना बदलणे केवळ सोयीचे नव्हे, तर नियमानुसार आवश्यकही असते.

कायदा काय सांगतो?

भारतात सज्ञानतेचे वय ठरविणारा मूळ कायदा १८७५ चा आहे. भारतीय सज्ञानता अधिनियमानुसार वयाची १८ वर्षे पूर्ण होताच व्यक्ती सज्ञान होते. न्यायालयाने पालनकर्ता नेमलेल्या मुलांच्या बाबतीत पूर्वी ही मर्यादा २१ वर्षांची होती. १९९९ च्या दुरुस्तीने ती सर्वांसाठी १८ करण्यात आली. वय मोजण्याची पद्धतही याच कायद्यात दिली आहे. जन्माचा दिवस पूर्ण दिवस म्हणून धरावयाचा आणि अठराव्या वाढदिवसाचा प्रारंभ होताच व्यक्ती सज्ञान झाली, असे मानावयाचे. म्हणजे वाढदिवस उजाडण्याची वाट पाहावी लागत नाही. मध्यरात्री बारा वाजताच तो बदल झालेला असतो.

करार कायदा त्याहून जुना, १८७२ चा. या कायद्यानुसार अज्ञान व्यक्ती करार करण्यास पात्र नाही. मोहरी बीबी विरुद्ध धर्मोदास घोष या खटल्यात १९०३ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने अज्ञान व्यक्तीने केलेला करार मुळातच रद्दबातल ठरतो, असा निर्णय दिला. बँका, विमा कंपन्या, फंड आणि इंटरनेटवरील सेवा अल्पवयीनांना पूर्ण अधिकाराचे खाते का देत नाहीत, याचे उत्तर येथे सापडते. खाते उघडणे हाही एक करारच असतो आणि तो पालनकर्त्यामार्फत होतो. मूल सज्ञान झाले की पालनकर्त्याचा अधिकार संपतो. पण खातेदाराची स्वतःची सही, छायाचित्र आणि ओळखपत्र संस्थेकडे नसते. या मधल्या अवस्थेत कोणाच्या सांगण्यावरून पैसे द्यायचे, हा प्रश्न संस्थेपुढे येतो. म्हणूनच व्यवहार रोखले जातात.

‘अ.पा.क.’ : जुना अनुभव

मराठवाड्यातील शेतकरी कुटुंबांना हा प्रकार नवा नाही. वडिलांच्या निधनानंतर वारस म्हणून लहान मुलाचे नाव सातबाऱ्यावर लागते, तेव्हा त्यापुढे ‘अ.पा.क.’ अशी अक्षरे आणि आईचे किंवा अन्य नातेवाइकाचे नाव लिहिले जाते. ‘अज्ञान पालनकर्ता’ असा त्याचा अर्थ. मुलगा किंवा मुलगी अठरा वर्षांची झाली, तरी ही नोंद आपोआप जात नाही. पंचवीस-तीस वर्षांच्या खातेदाराच्या नावापुढेही ती तशीच राहिल्याचे आढळते आणि जमिनीची वाटणी, विक्री किंवा पीककर्जाची वेळ आल्यावर ती लक्षात येते.

हे नाव कमी करण्यासाठी महसूल विभागाच्या ‘ई-हक्क’ प्रणालीत स्वतंत्र अर्जप्रकार आहे. मोबाईल क्रमांकाने नोंदणी करून जिल्हा, तालुका, गाव व गट क्रमांक निवडायचा आणि जन्मतारखेचा पुरावा जोडून अर्ज पाठवायचा. तो अर्ज तलाठ्याकडे, म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याकडे जातो. फेरफार नोंद घेतली जाते, हितसंबंधितांना हरकतीसाठी पंधरा दिवसांची नोटीस दिली जाते आणि त्यानंतर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतात.

या नोंदीत आणखी एक महत्त्वाची बाब दडलेली आहे. हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियम, १९५६ नुसार नैसर्गिक पालकालाही न्यायालयाच्या परवानगीशिवाय अज्ञान मुलाची स्थावर मालमत्ता विकता येत नाही. तशी विक्री झाली असल्यास मुलाला ती रद्द करून घेता येते. पण मुदत कायद्यानुसार सज्ञान झाल्यापासून तीन वर्षांच्या आतच दावा दाखल करावा लागतो. म्हणजेच सर्वसाधारणपणे एकविसाव्या वर्षापर्यंत. आपल्या नावावर काय होते आणि काय उरले आहे, हे अठराव्या वर्षीच तपासण्याचे कारण यातून स्पष्ट होते.

आधी मोबाईल क्रमांक

ऑनलाइन खात्यांच्या बाबतीत सर्वांत पहिली पायरी म्हणजे मोबाईल क्रमांक. दूरसंचार विभागाच्या नियमानुसार १८ वर्षांखालील व्यक्तीच्या नावावर सिमकार्ड दिले जात नाही. त्यामुळे विद्यार्थी वर्षानुवर्षे वापरत असलेला क्रमांकही कागदोपत्री आई-वडिलांचा किंवा भावाचा असतो. सज्ञान झाल्यावर दोन पर्याय असतात. स्वतःच्या ओळखपत्रावर नवे सिमकार्ड घेणे किंवा वापरातील क्रमांक मूळ धारकाच्या संमतीने आपल्या नावावर करून घेणे. ज्यांचा क्रमांक प्रवेश परीक्षांच्या अर्जांत, महाविद्यालयात आणि बँकेत आधीच नोंदलेला आहे, त्यांना दुसरा पर्याय सोयीचा पडतो. आपल्या नावावर कोणकोणते क्रमांक नोंदलेले आहेत, हे केंद्र सरकारच्या ‘संचार साथी’ संकेतस्थळावर पाहता येते.

ही पायरी वगळून पुढची कामे सुरू केल्यास प्रत्येक ठिकाणी पुन्हा क्रमांक बदलण्याचा अर्ज करावा लागतो. शिवाय क्रमांक दुसऱ्याच्या नावावर असताना तो बंद पडला किंवा हरवला, तर नवे सिमकार्ड मिळविण्यासाठी मूळ धारकालाच जावे लागते. तोपर्यंत बँकेचे व परीक्षेचे सर्व ‘ओटीपी’ अडकून राहतात.

आधार : पंधराव्या वर्षाची राहिलेली पायरी

आधार योजनेचा प्रारंभ महाराष्ट्रातच, नंदुरबार जिल्ह्यातील टेंभली येथे २९ सप्टेंबर २०१० रोजी झाला. त्यानंतर लहानपणीच आधार क्रमांक मिळालेली पिढी आता महाविद्यालयात आहे. पाच वर्षांखालील बालकाच्या आधारसाठी बोटांचे ठसे व डोळ्यांच्या बुबुळांची प्रतिमा घेतली जात नाही. त्यामुळे वयाच्या पाचव्या आणि पंधराव्या वर्षी ही जैविक माहिती अद्ययावत करणे बंधनकारक आहे. पंधरा ते सतरा या वयात हे काम विनाशुल्क होते. अनेक जण दहावीच्या धावपळीत ते विसरतात. परिणामी अठराव्या वर्षी बँकेत अंगठा लावला असता तो जुळत नाही आणि अडचण बँकेची आहे, असा समज होतो. प्रत्यक्षात ती आधारच्या नोंदीत असते. ही माहिती अद्ययावत न केल्यास आधार क्रमांक निष्क्रियही होऊ शकतो.

आधारला जोडलेला मोबाईल क्रमांक पालकांचा असल्यास तोही बदलून घ्यावा. नाव आणि जन्मतारीख दहावीच्या प्रमाणपत्राशी अक्षरशः जुळते का, हे याच वेळी पाहावे. ‘कुमार’, ‘बाई’, ‘राव’ अशी नावापुढील जोड एका कागदावर असणे आणि दुसऱ्यावर नसणे, हे पुढील सर्व अडथळ्यांचे मूळ ठरते.

आधार कायद्यातील एक तरतूद फारशी कोणास ठाऊक नाही. २०१९ च्या दुरुस्तीनुसार, लहानपणी पालकांच्या संमतीने आधार काढलेल्या व्यक्तीला सज्ञान झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत तो क्रमांक रद्द करण्यासाठी अर्ज करता येतो. शिष्यवृत्ती आणि प्रवेश या दोन्हींसाठी आधारचा वापर होत असल्याने हा पर्याय स्वीकारणारे विरळच असतील. तरीही पालकांनी दिलेली संमती मुलावर कायमची बांधील नाही, हे तत्त्व या तरतुदीने मान्य केले आहे.

बँक आणि टपाल खाते

रिझर्व्ह बँकेने २१ एप्रिल २०२५ रोजी अल्पवयीनांच्या खात्यांविषयीचे नियम एकत्रित करून नव्याने जाहीर केले आणि १ जुलै २०२५ पर्यंत आपली धोरणे त्यांच्याशी सुसंगत करण्यास बँकांना सांगितले. कोणत्याही वयाच्या मुलाचे बचत किंवा मुदत ठेव खाते नैसर्गिक अथवा कायदेशीर पालकामार्फत उघडता येते. आईलाही पालक म्हणून ते उघडता येते. दहा वर्षे पूर्ण झालेल्या मुलास, बँकेने ठरविलेल्या मर्यादेत, खाते स्वतः चालविता येते. एटीएम कार्ड, इंटरनेट बँकिंग वा धनादेश पुस्तिका द्यायची की नाही, हा निर्णय बँकेचा. मात्र अल्पवयीनाच्या खात्यातून शिल्लकेपेक्षा अधिक रक्कम काढू देता येत नाही.

मूल सज्ञान झाल्यावर काय करावे, हेही या नियमांत स्पष्ट आहे. खाते कसे चालवायचे याविषयी खातेदाराकडून नव्या सूचना आणि सहीचा नमुना घ्यावा. खाते पालकाने चालविले असल्यास शिल्लक रकमेला खातेदाराकडून दुजोरा घ्यावा. बँकांनी याची पूर्वसूचना खातेदारास द्यावी, असेही त्यात म्हटले आहे. ग्राहक ओळखीच्या नियमांनुसार नवे छायाचित्र आणि प्रचलित निकषांप्रमाणे ओळखीची कागदपत्रे द्यावी लागतात. बँकेची सूचना बहुधा नोंदलेल्या मोबाईल क्रमांकावर, म्हणजे पालकांच्या मोबाईलवर जाते. त्यामुळे विद्यार्थ्यापर्यंत ती पोहोचेलच, याची खात्री धरता येत नाही.

शाखेत जाताना आधार, पॅन (नसल्यास नमुना ६०), दोन छायाचित्रे, पासबुक आणि जन्मतारखेचा पुरावा सोबत ठेवावा. गावच्या शाखेत खाते असलेल्या विद्यार्थ्याने लातूर किंवा नांदेडमधील त्याच बँकेच्या शाखेत हे काम होईल का, हे आधी विचारून घ्यावे. सहीच्या नमुन्यासाठी काही बँका मूळ शाखेतच बोलावतात. दिवाळीच्या किंवा उन्हाळ्याच्या सुटीत गावी गेल्यावर हे काम उरकणे म्हणूनच श्रेयस्कर. काम झाल्यावर पालकांच्या इंटरनेट बँकिंगमधून हे खाते वेगळे झाले का, आणि स्वतःच्या मोबाईल क्रमांकावर संदेश येऊ लागले का, हे तपासावे.

सज्ञान होईपर्यंत खर्चाच्या पैशांसाठी ‘यूपीआय सर्कल’ हा एक मार्ग आहे. ऑगस्ट २०२४ मध्ये सुरू झालेल्या या सुविधेत पालकाच्या खात्यातून मुलाला ठरावीक मर्यादेत पैसे देता येतात. पूर्ण अधिकार दिल्यास महिन्याला १५ हजार आणि एका व्यवहाराला ५ हजार रुपये अशी कमाल मर्यादा आहे. विद्यार्थ्याचे स्वतःचे खाते सज्ञान झाल्यावर ही जोडणी काढून टाकणे विसरू नये.

टपाल कार्यालयातील अल्पवयीनाच्या खात्यालाही नवा अर्ज आणि स्वतःची कागदपत्रे देऊन सज्ञान खात्यात रूपांतरित करावे लागते. सुकन्या समृद्धी योजना २२ जानेवारी २०१५ रोजी सुरू झाली. या योजनेत मुलगी १८ वर्षांची होईपर्यंत खाते पालक चालवितात. त्यानंतर आवश्यक कागदपत्रे देऊन ते तिने स्वतः चालवायचे असते. उच्च शिक्षणासाठी शिलकीच्या ५० टक्क्यांपर्यंत रक्कम अठरा वर्षे पूर्ण झाल्यावर किंवा दहावी उत्तीर्ण झाल्यावर, यांपैकी जे आधी घडेल तेव्हा काढता येते. मात्र खात्याची मुदत ते उघडल्यापासून २१ वर्षांनी पूर्ण होते. अठराव्या वर्षी खाते बंद होते, हा समज चुकीचा आहे.

कोविडच्या साथीत आई-वडील गमावलेल्या मुलांसाठी मे २०२१ मध्ये जाहीर झालेल्या ‘पीएम केअर्स फॉर चिल्ड्रन’ योजनेतही अठरावे वर्ष हाच टप्पा आहे. तेव्हापासून मासिक विद्यावेतन आणि २३ व्या वर्षी १० लाख रुपये, अशी ही रचना आहे. या मुलांच्या बाबतीत घरात आठवण करून देणारे कोणी असेलच असे नाही. म्हणून नातेवाइकांनी आणि महाविद्यालयांनी तारीख लक्षात ठेवणे अगत्याचे आहे.

शिष्यवृत्ती कोठे अडते?

राज्य सरकारच्या ‘महाडीबीटी’ संकेतस्थळावरून मिळणाऱ्या मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्तीची विद्यार्थ्याला देय असलेली रक्कम त्याच्या आधारशी जोडलेल्या बँक खात्यात जमा होते. येथे दोन गोष्टींचा घोटाळा होतो. खात्यात आधार क्रमांक नोंदलेला असणे वेगळे, आणि थेट लाभ हस्तांतरणासाठी ते खाते आधारशी जोडलेले असणे वेगळे. एका आधार क्रमांकाला एका वेळी एकच खाते या कामासाठी जोडलेले असते. शाळेत असताना उघडलेले जुने खाते जोडलेले राहिले आणि त्यातील व्यवहार सज्ञानतेच्या नोंदीअभावी रोखले गेले, तर रक्कम जमा होण्यात किंवा जमा झालेली काढण्यात अडचण येते. कोणते खाते जोडलेले आहे, हे आधार प्राधिकरणाच्या संकेतस्थळावर पाहता येते. अर्ज भरण्यापूर्वी ते पाहणे हे पाच मिनिटांचे काम आहे.

वैद्यकीय प्रवेशाच्या बाबतीत आणखी एक मुद्दा आहे. ‘नीट’साठी प्रवेशाच्या वर्षातील ३१ डिसेंबरपर्यंत वयाची १७ वर्षे पूर्ण असावी लागतात. त्यामुळे नांदेडच्या डॉ. शंकरराव चव्हाण शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात किंवा लातूरच्या विलासराव देशमुख शासकीय वैद्यकीय विज्ञान संस्थेत पहिल्या वर्षाला दाखल होणारे काही विद्यार्थी प्रवेशाच्या दिवशी अज्ञान असतात आणि पहिल्या सत्रातच सज्ञान होतात. हमीपत्रावर पालकांची सही, पण पुढील वर्षाच्या अर्जावर स्वतःची, असा हा संधिकाल असतो.

पॅन आणि गुंतवणूक

अल्पवयीनाच्या नावाने पॅन काढता येते. पण त्या कार्डावर छायाचित्र आणि सही नसते. त्यामुळे ते ओळखपत्र म्हणून चालत नाही. सज्ञान झाल्यावर पॅनमधील माहिती दुरुस्तीचा अर्ज करून छायाचित्र व सही नोंदवावी लागते. क्रमांक तोच राहतो. नवे पॅन काढू नये. दोन पॅन बाळगणे दंडास पात्र आहे. अज्ञान मुलाचे व्याजादी उत्पन्न सर्वसाधारणपणे पालकाच्या उत्पन्नात मिळवून त्यावर कर आकारला जातो. सज्ञान झाल्यावर ते मुलाचे स्वतःचे उत्पन्न मानले जाते.

म्युच्युअल फंडांच्या बाबतीत सेबीने २४ डिसेंबर २०१९ च्या परिपत्रकाने नियम स्पष्ट केला. मूल सज्ञान झाल्यावर त्याने स्वतःची ‘केवायसी’ आणि बँक खात्याचा तपशील द्यावा; खात्याची स्थिती बदलेपर्यंत पुढील व्यवहार करता येणार नाहीत. पालकांनी सुरू केलेले मासिक हप्तेही थांबतात. म्हणजे आधी बँक खाते सज्ञान झाले पाहिजे आणि मगच फंडाचे. सार्वजनिक भविष्य निर्वाह निधीत पालक व अज्ञान मूल यांच्या खात्यांना मिळून वर्षाला दीड लाख रुपयांची एकत्रित मर्यादा असते. सज्ञान झाल्यावर मुलाची मर्यादा स्वतंत्र होते. १८ सप्टेंबर २०२४ रोजी सुरू झालेल्या ‘एनपीएस वात्सल्य’ योजनेतही अठराव्या वर्षी नव्याने ‘केवायसी’ करावी लागते.

ई-मेल आणि समाजमाध्यमे

इंटरनेटवरील सेवांची रीत मात्र वेगळी आहे. तेथे खाते उघडताना नोंदविलेल्या जन्मतारखेवरून वय मोजले जाते आणि अठरा वर्षे पूर्ण होताच वयोमर्यादेचे निर्बंध उठतात. अडचण येते ती जन्मतारीख खोटी दिली असल्यास. भारतात गुगलचे खाते स्वतः चालविण्यासाठी वयाची १३ वर्षे पूर्ण असावी लागतात. त्याआधी पालकांना ‘फॅमिली लिंक’मार्फत खाते काढून देता येते. हा सोपस्कार टाळण्यासाठी मुलाच्या खात्यात वडिलांची जन्मतारीख घालणे किंवा मनाला येईल ते वर्ष निवडणे, असे प्रकार घरोघरी घडतात. याउलट चुकून अलीकडचे वर्ष नोंदले गेल्यास सज्ञान व्यक्तीचे खाते बालकाचे समजले जाते. अशा वेळी जन्मतारीख दुरुस्त करून शासकीय ओळखपत्राने किंवा क्रेडिट कार्डाने वय सिद्ध करावे लागते. ज्या ई-मेलवर प्रवेश परीक्षेची प्रवेशपत्रे आणि निकाल येतात, तेच खाते ऐनवेळी अडकले तर होणारी धावपळ टाळता येण्याजोगी आहे. ई-मेल परत मिळविण्यासाठी दिलेला मोबाईल क्रमांक आणि पर्यायी पत्ता आपलाच आहे का, हेही पाहावे. शाळेने किंवा महाविद्यालयाने दिलेल्या ई-मेल खात्याचे वय मात्र विद्यार्थ्याला बदलता येत नाही. ते संस्थेच्या व्यवस्थापकाच्या हाती असते.

इन्स्टाग्रामने सप्टेंबर २०२४ मध्ये किशोरांसाठी ‘टीन अकाउंट’ जाहीर केले आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये ते भारतात आणले. त्यात खाते खासगी असते, अनोळखी व्यक्तींच्या संदेशांवर निर्बंध असतात आणि १६ वर्षांखालील मुलांना हे निर्बंध शिथिल करण्यासाठी पालकांची परवानगी लागते. वय वाढवून सांगण्याचा प्रयत्न केल्यास ओळखपत्र किंवा चित्रफितीतील चेहरा मागितला जाऊ शकतो. अठरा वर्षे पूर्ण झाल्यावर हे संरक्षण राहत नाही. खाते खासगी ठेवायचे की नाही, हा निर्णय तेव्हा वापरणाऱ्याने स्वतः घ्यायचा असतो.

डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण अधिनियम, २०२३ या कायद्याने ‘बालक’ म्हणजे १८ वर्षांखालील व्यक्ती, अशी व्याख्या केली आहे. बालकाची माहिती वापरण्यापूर्वी पालकांची पडताळणीयोग्य संमती घेणे आणि बालकांवर पाळत ठेवणारी किंवा त्यांना लक्ष्य करणारी जाहिरात न करणे, ही बंधने कंपन्यांवर आहेत. उल्लंघनास २०० कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. या कायद्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले आणि संमतीविषयीच्या मुख्य तरतुदींसाठी त्यापासून अठरा महिन्यांची, म्हणजे मे २०२७ पर्यंतची मुदत ठेवण्यात आली. अठराव्या वर्षानंतर ही संमती देणे, नाकारणे किंवा मागे घेणे हा अधिकार व्यक्तीचा स्वतःचा होतो. त्यासोबत बालक म्हणून मिळणारे विशेष संरक्षणही संपते.

क्रम कसा ठेवावा?

ही सर्व कामे एका दिवसात होत नाहीत आणि त्यांचा क्रम चुकल्यास हेलपाटे वाढतात. सोयीचा क्रम पुढीलप्रमाणे ठरतो.

१. वाढदिवसापूर्वी : आधारमधील नाव, जन्मतारीख आणि पंधराव्या वर्षीची जैविक नोंद तपासावी. ई-मेलमधील जन्मतारीख पाहावी. मतदार यादीसाठी १७ वर्षे पूर्ण झाल्यावर आगाऊ अर्ज करता येतो. १ जानेवारी, १ एप्रिल, १ जुलै आणि १ ऑक्टोबर या चार अर्हता तारखांपैकी जी तारीख अठरा वर्षे पूर्ण झाल्यावर प्रथम येईल, त्यानुसार नाव नोंदले जाते.

२. पहिल्या आठवड्यात : मोबाईल क्रमांक स्वतःच्या नावावर करून तो आधारला जोडावा.

३. पहिल्या महिन्यात : पॅनमध्ये छायाचित्र व सही नोंदवावी, बँक व टपाल खाते सज्ञान करून घ्यावे, शिष्यवृत्तीसाठी आधारशी कोणते खाते जोडलेले आहे, ते पाहावे.

४. त्यानंतर : म्युच्युअल फंड, भविष्य निर्वाह निधी व इतर गुंतवणुकींच्या ठिकाणी स्थिती बदलावी.

५. शेती असल्यास : सातबारा काढून ‘अ.पा.क.’ नोंद पाहावी आणि ‘ई-हक्क’मध्ये अर्ज करावा. पूर्वी काही व्यवहार झाले असल्यास तीन वर्षांची मुदत ध्यानात ठेवावी.

प्रत्येक ठिकाणी अर्जाची पोच किंवा अर्ज क्रमांक जपून ठेवावा. जुने सांकेतिक शब्द बदलावेत. ते घरातील सर्वांना ठाऊक असतात आणि काही वेळा अर्ज भरून देणाऱ्या सेवा केंद्राच्या वहीतही लिहिलेले असतात.

पालकांचे काम येथे संपत नाही, पण त्याचे स्वरूप बदलते. पासबुके, ठेवींच्या पावत्या, फंडाचे क्रमांक आणि सातबाऱ्याचे उतारे मुलासमोर ठेवून कोणते खाते कशासाठी उघडले होते, हे सांगणे ही या टप्प्यावरील खरी जबाबदारी ठरते. मुलींच्या बाबतीत तर ती अधिकच मोठी आहे. शिक्षणासाठी किंवा विवाहानंतर गाव बदलले, तरी स्वतःच्या सहीने चालणारे खाते आणि स्वतःच्या नावाचा मोबाईल क्रमांक तिच्यासोबत राहतो. पालनकर्त्याच्या सहीवर अडकलेल्या खात्यासाठी मात्र तिला पुन्हा माहेरच्या शाखेची वाट धरावी लागते.